मोबाइल, ब्रॉडबँड आणि ओटीटी कंपन्या जुन्या ग्राहकांपेक्षा नव्यांना जास्त सवलत का देतात?

कारण जुना ग्राहक हलणार नाही, हे त्यांनी गृहीत धरलेलं असतं. बरेचदा तो निष्ठेपेक्षा कटकटीच्या भीतीने थांबलेला असतो: नंबर बदलेल, राऊटर परत करावा लागेल, दोन दिवस नेट बंद राहील. कंपनी या भीतीचीच किंमत वसूल करते.

तरीही ग्राहक टिकवणं कंपनीसाठी फार मोलाचं असतं. समजा दर महिन्याला २ टक्के ग्राहक सोडून जातात. म्हणजे एक ग्राहक सरासरी ५० महिने राहतो. हेच प्रमाण १ टक्क्यावर आणलं की १०० महिने! म्हणून मोबाइल, ब्रॉडबँड आणि टीव्ही एकाच बिलात बांधून देतात. तीन गोष्टी एकदम सोडणं एक सोडण्यापेक्षा अवघड.

नंबर पोर्टेबिलिटीने, म्हणजे नंबर तोच ठेवून कंपनी बदलण्याच्या सोयीने, मोबाइलमधली ही बेडी बरीच सैल केली. ब्रिटनमध्ये तर फेब्रुवारी २०२० पासून करार संपण्याआधी ग्राहकाला कळवावं लागतं आणि नव्या ग्राहकांचे दरही दाखवावे लागतात. मला हा नियम अतिशय न्याय्य वाटतो, सगळीकडे हवा.

ओटीटीचं गणित वेगळं आहे. तिथे सोडणं दोन क्लिकचं काम, त्यामुळे लोक एखादी मालिका संपवून निघून जातात. वार्षिक प्लॅन स्वस्त ठेवतात तो यासाठीच.

तुमचा करार संपत आला असेल तर कस्टमर केअरला फोन करून ‘सोडायचंय’ असं स्पष्ट सांगा. सवलत देण्याचे अधिकार बहुधा सोडून जाणाऱ्या ग्राहकांना थांबवणाऱ्या विभागाकडे असतात.