टोकियोत सुमो पैलवानांचा सकाळचा सराव पर्यटकांना बघता येतो का?

येतो, पण तारखा बघून जा. जानेवारी, मे आणि सप्टेंबरच्या स्पर्धा टोकियोत होतात. मार्चमध्ये ओसाका, जुलैत नागोया, नोव्हेंबरात फुकुओका. त्या महिन्यांत पैलवान तिकडे असतात, म्हणजे टोकियोतल्या तालमी रिकाम्या.

तालमीला तिथे 'हेया' म्हणतात. बऱ्याचशा र्‍योगोकू भागात आहेत, पण थेट दार ठोठावून आत घेत नाहीत. ओळख किंवा सहल कंपनीचं आरक्षण लागतं. फुकटात बघायचं तर हामाचो भागातली आराशिओ हेया गाठा. रस्त्यावरच्या मोठ्या काचेतून सराव दिसतो. सकाळी साडेसातच्या सुमारास पोहोचा, सराव आहे का ते आदल्या दिवशीच विचारून ठेवा.

आत बसायला मिळालं तर मांडी घाला. पाय रिंगणाकडे पसरणं अपमानाचं समजतात. बोलणं, खाणं, फ्लॅश बंद. दोन तासांत गुडघे बोलायला लागतात, हे आधीच सांगतो! पैलवान उपाशीपोटी सराव करतात, नंतर 'चांको' नावाचा रस्सा ओरपतात. कोल्हापूरची तालीम पाहिलेल्याला मातीचा वास ओळखीचा वाटेल. शड्डू मात्र नाही, फक्त धापा आणि अंगावर अंग आदळल्याचा आवाज.