ती काही बोलत का नाही?

प्रश्न : परवा मुलीने कार्ल ड्रायरचा 'मास्टर ऑफ द हाउस' हा १९२५ सालचा डॅनिश मूकपट दाखवला. पहिला अर्धा तास ती ईडा नुसती राबतीये आणि नवरा खेकसतोय, बाकी काही घडतच नाही. ती बोलत का नाही? मला तर रागच आला. लोक एवढं कौतुक का करतात?
– एक वाचक, सांगली

उत्तर : ताई, मला पण आला होता राग. पण तो अर्धा तासच मला सगळ्यात मोलाचा वाटतो. सकाळी उठून शेगडी पेटवायची, मुलांचं बघायचं, कॉफी, पाव, आणि व्हिक्टर लोणी कमी आहे म्हणून कुरकुरला की ती स्वतःच्या पावावरचं लोणी खरवडून त्याच्या पावाला लावते, बास, तेवढ्या एका सीनमध्ये मला तो अख्खा संसार दिसला. आणि हे घर खोटं वाटत नाही कारण ड्रायरने स्टुडिओत चारही भिंती असलेलं घर बांधून घेतलं होतं, गॅस आणि नळाचं पाणी पण चालू, त्यामुळे बैठकीत दोरीवर टाकलेले ओले कपडे आपल्याच तोंडाला लागतायत असं होतं.

व्हिक्टरचा धंदा बुडालाय, माणूस मुळात वाईट नाहीये, हे ईडाला माहितीये म्हणून ती गप्प बसते. बोलते ती मॅड्स, त्याला लहानपणी सांभाळलेली म्हातारी दाई. ती ईडाला घरातून हलवते आणि मग शेगडी, धुणं सगळं व्हिक्टरच्या गळ्यात, आणि पोराला कोपऱ्यात उभं करणारा हा बाप शेवटी स्वतः कोपऱ्यात उभा राहतो!

एक मात्र मला खटकतंच. घर सोडायचं ते ईडाने स्वतःहून ठरवलेलं नाही, मॅड्सने आणि आईने तिला तयार केलंय. ती पार मोडून पडेपर्यंत कोणी तिला बस म्हणत नाही. तुमचा राग त्याचाच असेल तर तो अगदी बरोबर आहे.

अजून एक, मूळ डॅनिश नावाचा अर्थ 'तू आपल्या बायकोचा मान राखशील' असा आहे, बायबलमधल्या आज्ञेसारखा. इंग्रजी नावात नुसता घरचा मालक उरला. मुलीला हे नक्की सांगा, आणि परत लावलात तर या वेळी फक्त ईडाच्या हातांकडे बघा.