पाडकामाचा तास

प्रिय मुली,

तुझं पत्र मिळालं. चार पानांपैकी तीन पानं तू रिदमिक जिम्नॅस्टिक्सच्या स्पर्धेतल्या त्या एका क्लबवर, त्या छोट्या मुगदलावर खर्च केली आहेस, जो हातातून निसटला आणि घरंगळत रेषेबाहेर गेला. चौथ्या पानावर विचारतेस, रुटीनमध्ये, म्हणजे संगीतावर बसवलेल्या सादरीकरणात, आणखी दोन अवघड थ्रो घालू का, म्हणजे गेलेले गुण भरून निघतील. नको घालूस. आधी नीट पाडायला शीक.

हसलीस ना? टोकियो ऑलिम्पिकच्या अंतिम फेरीत इस्रायलच्या लिनॉय अश्रमच्या हातून शेवटच्या रुटीनमध्ये रिबन पडली होती. तरी सुवर्णपदक तिलाच मिळालं. तिचे 107.800, दुसऱ्या आलेल्या दिना अवेरिनाचे 107.650. फरक 0.15. त्या निकालावर वाद बराच झाला, आणि तो मिटलाय असं कुणी म्हणू नये. मला त्यात शिरायचं नाही. तू फक्त तो 0.15 लक्षात ठेव.

आता 2022 ते 2024 चा कोड, म्हणजे गुण देण्याची नियमावली, काढून बघ. त्यात असं होतं: साहित्य पडलं आणि जागेवरूनच उचललं तर 0.5 वजा. एक-दोन पावलं टाकावी लागली तर 0.7. तीन किंवा जास्त पावलं, तर पूर्ण 1. म्हणजे पंच नुसतं पडणं मोजत नाहीत, तुझी पावलं मोजतात. दुसऱ्या आणि तिसऱ्या पावलामध्ये 0.3 आहेत, टोकियोतल्या फरकाच्या दुप्पट. एवढे गुण एका नव्या अवघड थ्रोमधून काढायला तुला किती महिने लागतील, ते तूच सांग.

मला हे फार उशिरा कळलं. एका स्पर्धेत माझ्या रिबनला गाठ बसली. सहा मीटर साटीन. हॉलमधल्या गार हवेचा झोत आला की ती स्वतःच्या मनाने वळते. मी काय केलं असेल? उभी राहिले आणि नखांनी गाठ सोडवत बसले. संगीत पुढे गेलं, त्यातली माझी आवडती उडी माझ्याशिवायच निघून गेली. गाठ सुटली तेव्हा पुढे काय करायचं तेच आठवेना. गाठ फार तर चार बोटांची होती, पण माझं अख्खं रुटीन तिच्यात अडकलं.

त्यानंतर आमच्या बाईंनी आठवड्यातून एक तास वेगळा काढला. आम्ही त्याला पाडकाम म्हणायचो. रुटीन रंगात आलं की बाई मध्येच हूपला पायाने ढकलायच्या, कधी चेंडू उचलून कार्पेटच्या दुसऱ्या टोकाला फेकायच्या, आणि संगीत मात्र बंद करायच्या नाहीत. सुरुवातीला आम्ही चेंडूमागे धावत सुटायचो. हळूहळू डोळे आधी चेंडूकडे आणि कान संगीताकडे राहायला लागले. धावायचं ते सरळ रेषेत, वाकायचं ते एकदाच, आणि हातात आल्यावर सुटलेलं मागून भरत बसायचं नाही. संगीत जिथे पोचलंय तिथे उडी मारून बसायचं. शेवटच्या थ्रोचा सराव तर वेगळाच करावा लागतो, कारण त्यानंतर सावरायला सेकंदच उरलेले नसतात. तो थोडा बुटका ठेवलास तरी चालेल. नव्वद सेकंदांच्या शेवटी दम गेलेला असतो, हात थरथरतो. सकाळी ताज्या अंगाने झेललेला थ्रो त्या वेळचा भरवसा देत नाही.

रिबनला इस्त्री करून ती गुंडाळून नेत जा. हूपची टेप सुटली असेल तर आदल्या रात्री बदल. क्षुल्लक वाटेल, पण गाठ बरेचदा सुरकुतीपासून सुरू होते.

आणखी एक पडणं आहे, ज्याचे गुण कुणी कापत नाही, म्हणून ते लपवलं जातं. तू सहज लिहिलंयस की पाळी तीन महिने आली नाही आणि मैत्रिणी म्हणतात आपल्याकडे असंच असतं. असंच नसतं. सराव जेवढा खातो तेवढं पोटात जात नाही, तेव्हा शरीर आधी हे बंद करतं आणि मग हाडं पोखरायला घेतं. पायाच्या हाडात बारीक भेग पडली की अख्खा हंगाम जातो. डॉक्टरांकडे जा, या आठवड्यात. प्रशिक्षकांनी सगळ्यांसमोर वजनकाट्यावर उभं केलं तर नाही म्हणायचा तुला हक्क आहे. आई-बाबांना सोबत ने. कमरेचं दुखणंही लपवू नकोस. बॅलन्स, उड्या, सगळं एकाच पायावर करून कंबर एका बाजूला झुकते. वॉर्मअपला दुसरी बाजूही कर, कितीही वाकडी दिसली तरी.

संघात जाण्याबद्दल विचारलंस. जा की. पाच जणींचं रुटीन म्हणजे वैयक्तिकमध्ये न जमलेल्यांची जागा, हे कुणी डोक्यात घातलं? संघाचा प्रकार 1996 पासून ऑलिम्पिकमध्ये आहे. आणि दुसरीने फेकलेला हूप झेलताना तुझी नजर जेवढी तयार होईल, तेवढी एकटीने होणार नाही. सीनियर गटात यायला त्या वर्षात सोळा पूर्ण व्हावी लागतात. तुझ्याकडे अजून दीड वर्ष आहे. घाई नको. बल्गेरियाची बोर्याना कालेन टोकियोत पाचवी होती, पुढच्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये तिने रौप्य मिळवलं.

शनिवारी येशील तेव्हा दोन्ही क्लब आण. मध्येच एक पाडणार आहे. कधी, ते सांगणार नाही.

तुझी,
ताई