पहिल्यांदा मालिकेच्या एखाद्या भागावर परीक्षण लिहितोयस, तर

कथा सांगत बसू नकोस, ती दोन ओळींत आटप. भाग दोनदा बघ. दुसऱ्यांदा थोडा वेळ आवाज बंद करून बघ. कॅमेरा कुणाच्या चेहऱ्यावर थांबतो, कोण चौकटीबाहेर राहतं, लगेच कळतं.

मग एकच प्रसंग धर आणि त्यातच खोल जा. समज, सोलापूरच्या पूर्व भागातलं तेलुगूभाषक विणकराचं घर दाखवलंय. शेजारी यंत्रमागाचा खडखडाट चालू असताना माणसं मोठ्यानेच बोलतात. पात्रं कुजबुजत असतील तर ते लिही. आई मुलाला तेलुगूत हाक मारून पुढचं वाक्य मराठीत बोलते का, की घरात सगळेच पुणेरी बोलतात? गड्ड्याच्या, म्हणजे तिथल्या सिद्धेश्वराच्या यात्रेचे चार ड्रोन शॉट टाकले म्हणजे सोलापूर दिसलं असं नाही. हे मला फार खटकतं.

शेवटचा धक्का तपास. तो पात्राच्या स्वभावातून आलाय, की पुढचा भाग लावायला भाग पाडण्यासाठी चिकटवलाय?

'अभिनय छान' एवढ्यावर सोडू नकोस. कुठल्या वाक्याला नजर खाली गेली ते सांग. आणि जे पटलं नाही ते कितव्या मिनिटाला, तेही लिही, म्हणजे वाचणाऱ्याला स्वतः पडताळता येईल.