थांबे कमी कर, बायका वाढव

प्रिय मुली,
अनेक आशीर्वाद.

ठाण्यातल्या बायकांच्या इतिहासावरच्या पायी फेरीचा तुझा आराखडा मिळाला. अकरा थांबे, दोन तास आणि जवळजवळ प्रत्येक थांब्यावर एक ‘पहिली’. पहिली डॉक्टर, पहिली वकील, पहिली अमुक. वाचायला मजा आली, पण उन्हात चालताना येणार नाही. यातल्या बऱ्याच जणी ठाणे शहरात कधी राहिल्याच नाहीत, आणि ज्या इथे राहिल्या, राबल्या, त्या तुझ्या कागदावर नाहीत. पुढचं सगळं पत्र त्याबद्दलच आहे, तेव्हा चहा घेऊन बस.

आधी आनंदीबाई जोशी. जिल्हा ठाणे म्हणून तू त्यांना थेट तलावपाळीवर आणून उभं केलंयस. त्या कल्याणच्या जोश्यांच्या. माहेरचं नाव यमुना, जन्म १८६५ चा. नवव्या वर्षी लग्न, चौदाव्या वर्षी मूल झालं ते दहा दिवसांत गेलं, १८८६ साली पेनसिल्व्हेनियातून वैद्यकीची पदवी आणि पुढच्याच फेब्रुवारीत पुण्यात मृत्यू. बावीस वर्षंही पूर्ण झाली नव्हती. त्यांच्यासाठी कल्याणची वेगळी फेरी कर, मी येईन. इथे फार तर स्टेशनजवळून जाताना एक वाक्य बोल: आगगाडी एप्रिल १८५३ मध्ये बोरीबंदरहून ठाण्याला आली, मे १८५४ मध्ये कल्याणला पोचली, आणि त्या गाडीच्या गावात अकरा वर्षांनी ही मुलगी जन्मली. बस्स.

आता सुरुवात कुठून, ते सांगते. चेंदणी कोळीवाड्यातून. तू तो ‘वेळ उरल्यास’ असं लिहून शेवटी ठेवलायस, आणि वेळ कधीच उरत नाही. रेल्वे आली तेव्हा ती ज्या वस्तीला खेटून आली ती ही वस्ती, आणि ठाण्यात बाईच्या हातात रोजचा पैसा कुठे खेळत होता हे दाखवायचं तर याहून चांगली जागा नाही. होडी पुरुषाची असेल, पण म्हावरं बंदरावर आलं की भाव ठरवणं, वाटे लावणं, उधारी लक्षात ठेवणं, बाजारात बसणं हा कारभार बाईचा. खाडीच्या चिखलात ओहोटीला उतरून निवट्या, चिंबोऱ्या, कालवं काढणंही पुष्कळदा तिचंच. खाडीकाठचा ठाणे-बेलापूर रासायनिक पट्टा वाढला, पाणी बिघडलं, मासळी आटली. ते नुकसान कोणाच्या टोपलीत दिसलं, हे तिथे उभं राहून बोल. याच खाडीचा एक भाग २०१५ मध्ये रोहित पक्ष्यांसाठी अभयारण्य म्हणून जाहीर झाला आणि २०२२ मध्ये महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय रामसर यादीत गेला. लोकांना फ्लेमिंगो माहीत असतात. चिखलात उतरणारी बाई माहीत नसते.

फक्त एक अट. रविवारी, बुधवारी, शुक्रवारी सकाळी तिथे वीस माणसं घेऊन जाऊ नकोस. तो धंद्याचा वेळ. सोमवारी किंवा गुरुवारी गिऱ्हाईक कमी असतं, तेव्हा एखादी मावशी निवांत बोलते. आधी दोनतीनदा एकटी जा, मासे विकत घे, ओळख होऊ दे. मग सरळ विचार की, मावशी, माझ्याबरोबर लोक येतील, तुम्ही पंधरा मिनिटं बोलाल का, आणि त्याचे एवढे पैसे मी देईन. फेरीचं शुल्क तू घेणार आणि ज्यांच्या गोष्टीवर ते घेणार त्या फुकट बोलणार, हे मला पटत नाही. फोटोही विचारूनच. नथ, आंबाडा आणि पाटी एवढंच टिपून लोक निघून जातात, त्याचा त्यांना वीट आलेला असतो.

जांभळी नाक्याच्या बाजारात बोलण्यापेक्षा बघू दे. विकणाऱ्या किती, विकत घेणाऱ्या किती, गाळ्यात कोण बसलंय आणि फुटपाथवर कोण, हे सगळ्यांना मोजायला सांग. उत्तरं त्यांनाच काढू दे.

कौपिनेश्वराच्या देवळापाशी तू १७६० चा जीर्णोद्धार आणि सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकर लिहिलंयस. बरोबर आहे, पण ते कोणीही सांगतं. तू तिथे शिलाहार राजांच्या श्रीस्थानकाची, म्हणजे जुन्या ठाण्याची, आठवण काढ आणि पिशवीतून गद्धेगाळाचा, म्हणजे दान मोडणाऱ्याला शिवी कोरलेल्या दगडाचा, एक मोठा छापील फोटो बाहेर काढ. हे दगड ठाणे जिल्ह्यात, मुंबईच्या बेटांवर, खाली अलिबागेजवळ अक्षीपर्यंत सापडलेत. वर चंद्रसूर्य, मध्ये दानाचा मजकूर आणि खाली गाढव व बाई. जो हे दान मोडेल त्याच्या आईला ती शिवी. म्हणजे जमीन देणारा पुरुष, घेणारा बहुधा पुरुष, मोडणाराही पुरुषच धरलेला, आणि शिक्षा मात्र अशा बाईला, जिचा व्यवहाराशी काही संबंध नाही. आपल्या भागातल्या जुन्या दगडांवर बाई देवी म्हणून दिसते, सतीच्या शिळेवर बांगड्या भरलेला हात म्हणून दिसते आणि अशी दिसते. लहान मुलं बरोबर असतील तर आईबापांना आधी कल्पना दे, पण वगळू नकोस. गुढीपाडव्याच्या स्वागतयात्रेत बुलेटवर बसलेल्या नऊवारीतल्या मुलींचे फोटो सगळ्यांनी पाहिलेले असतात. त्याच रस्त्यावर उभं राहून हा दगड दाखवलास की लोक आपोआप बोलायला लागतात. (मला स्वतःला त्या बुलेटचं एवढं कौतुक नाही, पण तो माझा प्रश्न.)

टेंभी नाक्याला देवीचा मांडव लोकांना ठाऊक असतो. तिथेच जवळ १८७९ मध्ये बांधलेलं ‘शाआर हाशामाइम’ सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ आहे, हे ठाण्यात जन्मलेल्यांनाही पुष्कळदा माहीत नसतं. ते बेने इस्राएलांचं, म्हणजे कोकणातल्या आपल्या मराठी ज्यूंचं, शनवार तेल्यांचं. घरात मराठी, शनिवारी काम बंद, आणि नवस फेडायला एलियाहू हन्नाबी या प्रेषिताच्या नावाने मलिदा: पोहे, खोबरं, गूळ, फळं. ते ताट लावणाऱ्या हातांबद्दल बोल. या समाजातल्या मुली शिक्षिका आणि परिचारिका म्हणून लवकर घराबाहेर पडल्या, मग इस्राएल झाल्यावर कुटुंबंच्या कुटुंबं तिकडे गेली. आत जायचं तर आधी रीतसर परवानगी घे, शनिवार टाळ. परवानगी नाही मिळाली तर बाहेरूनच बोल आणि पुढे चल, गेटवर हुज्जत नको.

आणि आता शेवटचा, माझ्या मते सगळ्यात वजनदार थांबा: जिल्हाधिकारी कचेरी. तुझ्या यादीत तो नाही, कारण तिथे बघण्यासारखं काही नाही. पण तलासरी, डहाणू, जव्हारपर्यंतचा मुलूख १ ऑगस्ट २०१४ ला पालघर जिल्हा वेगळा होईपर्यंत इथूनच चालत होता. गोदावरी परुळेकर तुझ्याकडे ‘महाराष्ट्रातल्या पहिल्या महिला वकील’ म्हणून एका ओळीत आल्यात. कायद्याची पदवी त्यांनी घेतली खरी, पण त्यांचं नाव राहिलं ते १९४५ च्या वारली आदिवासींच्या उठावामुळे. टिटवाळ्याला किसान सभेची परिषद झाली, तिथे आलेल्या मोजक्या वारल्यांनी वेठबिगारीचं सांगितलं, आणि गोदावरीबाई त्यांच्या मुलखात गेल्या. तुझ्या फेरीसाठी त्यातली मुख्य गोष्ट लग्नगड्याची. वारली तरुण लग्नासाठी सावकाराकडून कर्ज काढायचा आणि फेडीसाठी त्याच्याकडे राबायचा. तो एकटा नाही, त्याची बायकोही. जिच्यासाठी कर्ज काढलं तीही त्याच कर्जात बांधली जायची, आणि मालकाने तिच्या अंगाला हात लावला तरी दाद मागायला जागा नव्हती. ऑक्टोबर १९४५ मध्ये तलवाड्याला जमलेल्या वारल्यांवर गोळीबार झाला, माणसं मेली, तरी वेठ मोडली. हे तू कचेरीसमोरच्या झाडाखाली सांग. आवाज चढवू नकोस, साध्या सुरात सांग.

तिथून परत येताना सरकारी भिंतींवर रंगवलेली वारली चित्रं दिसतील. ती दाखव आणि विचार, ही मुळात कोणी काढायची? लग्नाचा चौक लिहायच्या त्या सवाशिणी, आणि लग्न लावायची धवलेरी, गाणं म्हणणारी बाई. जिव्या सोमा मशे यांच्यामुळे १९७० नंतर ही चित्रं कागदावर आली, जगभर गेली आणि चित्रकार म्हणून नावं पुरुषांची झाली. मशे थोरच, त्यांचं श्रेय कमी करायचं नाही. पण एवढ्या बायकांची कला घराच्या भिंतीवरून बाजारात येताना वाटेत कोण गळलं, हा प्रश्न तुझ्या फेरीचा आहे.

झाले पाच थांबे. तुरुंग वगळ. अनंत कान्हेरे, कर्वे आणि देशपांडे या क्रांतिकारकांना १९ एप्रिल १९१० ला तिथे फाशी दिलं, ते दुसऱ्या फेऱ्यांत सांगतात आणि चांगलं सांगतात. मनोरुग्णालयाकडे तर गट घेऊन मुळीच जाऊ नकोस. १९०१ पासूनची संस्था आहे, बऱ्या होऊनही घरच्यांनी न नेलेल्या बायकांचा विषय खरा आहे आणि मोठाही. पण आत आज माणसं राहतात. त्यांच्या खिडक्यांकडे बोट दाखवून इतिहास सांगायचा नसतो. हवं तर तलावपाळीच्या बाकावर बसून बोल.

वागळे इस्टेट पायी लांब पडते, म्हणून जाता जाता सांग. १९६२ मध्ये सुरू झालेली ही एमआयडीसीची पहिली वसाहत. त्याच काळात मुंबईतल्या एका औषध कंपनीच्या पॅकिंग खात्यात लग्न झालं की बाईची नोकरी संपायची, असा नियम होता. १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द ठरवला. कारखान्यात नोकरी केलेली एखादी आजी तुझ्या गटात हमखास निघेल. तिला बोलू दे, तू गप्प बस.

कागदांचं काय, विचारलंयस. सुभाष पथावर मराठी ग्रंथसंग्रहालय आहे, १८९३ पासूनचं. तिथे बसायची सवय लाव. १८८२ चं ठाणे गॅझेटियर, इंग्रज सरकारचा जिल्ह्याचा माहितीग्रंथ, वाच, पण डोळे उघडे ठेवून. कोणत्या जातीची बाई लुगडं कसं नेसते, दागिने कोणते घालते, हे त्यात तपशिलाने आहे. बाईचं नाव शोधायला गेलीस तर फारसं काही हाती लागत नाही. नवी मुंबईची फेरी करशील तेव्हा हाच प्रश्न सातबाऱ्यावर येईल. नवी मुंबई वसवणारी सिडको १९७० ची, तिच्यासाठी ९५ गावांची जमीन गेली, जानेवारी १९८४ मध्ये जासई-दास्तान फाट्याच्या आंदोलनात पाच जण गोळीबारात गेले. मोर्च्यांत आगरी-कोळी बायका पुढे होत्या. पण मोबदला ज्याचं नाव उताऱ्यावर त्याला, आणि मुलींना वडिलोपार्जित मालमत्तेत समान वाटा देणारी दुरुस्ती महाराष्ट्रात आली १९९४ मध्ये. जमीन तोवर गेली होती. हा विषय दोन तासांचा आहे, या फेरीत कोंबू नकोस.

जे नक्की माहीत नाही ते बोलू नकोस, ‘असं म्हणतात’ लावूनही नाही. लोक ‘म्हणतात’ विसरतात आणि उरलेलं व्हॉट्सॲपवर टाकतात.

आता सगळ्यात महत्त्वाचं, जे आराखड्यात कोणीच लिहीत नाही. बाथरूम. दोन तासांच्या फेरीत बायकांना स्वच्छ संडास कुठे मिळेल हे आधी स्वतः जाऊन बघ, पाणी आहे का, कडी लागते का, पैसे मागतात का. मुंबईत २०११ मध्ये ‘राइट टू पी’ची मोहीम निघाली तीच मुळी या मागणीसाठी, की पुरुषांना मुतारी फुकट आणि बाईकडून पैसे का. त्यामुळे तो थांबा आला की लाजत ‘पाच मिनिटांचा ब्रेक’ म्हणू नकोस, मोहिमेचं सांग आणि मग ब्रेक दे.

पहिली फेरी बारा जणांच्या वर नको. स्पीकर नको, कोळीवाड्यातल्या गल्ल्या अरुंद आहेत आणि दुपारी लोक झोपलेले असतात. पुढचा आराखडा पाठवशील तेव्हा भाषणं लिहू नकोस, प्रत्येक थांब्यावर लोकांना विचारायचे दोन-दोन प्रश्न फक्त लिही. आणि चेंदणीला कधी जातेस ते कळव. सोमवार असेल तर मीही येते, मला तसेही बोंबील घ्यायचे आहेत.

तुझ्या,
बाई