सामयिक, सामाईक आणि पुरवणी

एका भाषांतरकार ताईंचा प्रश्न आहे: अपाची वेब सर्व्हरच्या (मागेल त्याला वेबपानं पाठवणाऱ्या प्रोग्रॅमच्या) सूचना मराठीत आणताना त्यांनी ‘शेअर्ड लायब्ररी’ला, म्हणजे अनेक प्रोग्रॅम मिळून वापरतात त्या तयार कोडच्या साठ्याला, ‘सामयिक ग्रंथालय’ लिहिलं. तपासणाऱ्यांनी दोन्ही शब्दांखाली रेघ ओढली. मग लिहावं काय?

ताई, आधी ‘सामयिक’ काढा. तो ‘समय’वरून आला आहे. अर्थ वेळेला धरून असलेलं, किंवा नियतकालिक. ‘सामयिक ग्रंथालय’ वाचून मासिकांचं दालन डोळ्यांपुढे येईल. तुम्हाला हवा आहे ‘सामाईक’: सातबाऱ्यावरचं सामाईक क्षेत्र, दोघा भावांची सामाईक विहीर. ‘सामायिक’ असंही बरेच जण लिहितात, पण जैन साधनेतलं ४८ मिनिटांचं सामायिक वेगळं आहे, म्हणून मी ‘सामाईक’च लिहितो. विहिरीची उपमा इथे अगदी खरी ठरते. लिनक्सवर सी भाषेच्या मूळ लायब्ररीचा कोड मेमरीत एकदाच येतो आणि चालू असलेले बहुतेक प्रोग्रॅम त्याच विहिरीवर पाणी भरतात.

‘ग्रंथालय’ म्हणजे ग्रंथांचं घर. इथे ग्रंथ नाहीत, म्हणून तो शब्द खटकतो. पण ‘लायब्ररी’ हे नाव हवेतून आलेलं नाही. १९४९ साली केंब्रिजमध्ये एडसॅक हा संगणक सुरू झाला. त्याचे नेहमी लागणारे छोटे प्रोग्रॅम कागदी फितींवर भोकं पाडून कपाटात जपून ठेवलेले असत. हवी ती फीत काढायची, तिची नक्कल आपल्या फितीवर उतरवायची. त्या कपाटाला लायब्ररी म्हणणं रास्तच होतं. सामाईक लायब्ररीत मात्र ही नक्कलच टळते. आज प्रोग्रॅम लिहिणारे सगळे ‘लायब्ररी’च म्हणतात. ‘सामाईक लायब्ररी’ लिहा, कुणी अडखळणार नाही.

आता खरी गोम. तुमच्या मजकुरातल्या अपाचीच्या मॉड्यूल-फाइली (सर्व्हरला जादा काम जोडून देणारे भाग), उदाहरणार्थ पत्ते बदलणारं मॉड-रीराइट किंवा सुरक्षित जोडणी देणारं मॉड-एसएसएल, यांच्या नावाशेवटी ‘एसओ’ असतं, म्हणजे ‘शेअर्ड ऑब्जेक्ट’. (विंडोजवर त्या मुळात डीएलएल, म्हणजे तिथल्या सामाईक लायब्ररीच्या जातीच्या, असतात, तरी अपाची तिथेही ‘एसओ’ हेच शेपूट लावतं.) बांधणी सामाईक लायब्ररीसारखीच, पण वापर सामाईक नाही. ती फाइल एकट्या सर्व्हरसाठी असते, त्याच्याच फोल्डरात राहते, आणि चालताना उलट सर्व्हरच्याच पोटातली कामं मागते. अपाचीचे दस्तऐवजही हे दोन प्रकार वेगळे करून सांगतात. म्हणून या फाइलींना ‘सामाईक’ म्हटलं तर वाचक चुकीच्या वाटेने जाईल.

त्यांच्यासाठी मला मराठीत एकच शब्द मनापासून पटतो: पुरवणी. रविवारची नव्हे, परीक्षेतली. उत्तरपत्रिकेची पानं आधीच शिवलेली असतात, तसे सर्व्हरचे काही भाग बांधणीच्या (मूळ कोडपासून प्रोग्रॅम तयार करण्याच्या) वेळीच आत जातात. बाकीच्या विषयाला पुरवणी घ्यायची, दोऱ्याने बांधायची. न बांधलेल्या पुरवणीचे गुण मिळत नाहीत. फाइल फोल्डरात नुसती पडून असेल तर सर्व्हर तिच्याकडे पाहत नाही. सेटिंगच्या फाइलीत ‘लोडमॉड्यूल’ची ओळ हवी, तोच दोरा. दुसऱ्या परीक्षेची पुरवणी चालत नाही, तशी जुळत नसलेल्या आवृत्तीसाठी बांधलेली फाइल अपाची आतला एक क्रमांक ताडून नाकारतं. आणि दोरा पुरवणीच्या आत घालून देता येत नाही: मॉड्यूल चढवणारं मॉड-एसओ हे सर्व्हरमध्ये आधीपासूनच शिवलेलं असावं लागतं. १९९८ च्या १.३ आवृत्तीपासून अपाचीत ही सोय आहे. एन्जिनएक्स या दुसऱ्या वेब सर्व्हरला २०१६ पर्यंत थांबावं लागलं. तोवर नवं मॉड्यूल हवं तर अख्खा सर्व्हर पुन्हा बांधायचा.

तरी ‘मॉड्यूल’ पुसून टाकू नका. सर्व्हर सांभाळणारी माणसं एकमेकांना ‘मॉड्यूल लोड झालं का?’ असंच विचारतात, आणि आज्ञेतही तोच शब्द आहे. पहिल्यांदा उल्लेख येईल तिथे पुरवणी सांगा, पुढे मॉड्यूल चालू द्या. तुमचं वाक्य मी असं लिहिलं असतं:

‘मॉड-रीराइट हे अपाचीचं मॉड्यूल, म्हणजे सर्व्हरला नंतर जोडायची पुरवणी, वेगळ्या फाइलीत मिळतं. सेटिंगमध्ये त्याची ओळ घाला आणि सर्व्हर पुन्हा सुरू करा.’