शहरातच काही उरलं नाही, चित्र कशाचं काढू?

"सुचतच नाही, जागा बदलायला हवी" हे माझ्याकडे थेरपीला येणारे चित्रकार, लिहिणारे, फोटोग्राफर सगळ्यांकडून ऐकते मी. एक केस सांगते, परवानगी घेऊन आणि ओळख बदलून.

पस्तिशीतला चित्रकार, ठाण्यात वागळे इस्टेटला राहणारा. वॉटरकलरमधे जुनं ठाणं काढायचा, कौलारू घरं, लाकडी जिने, आणि ती चित्रं विकलीही जायची. आता घरं रिडेव्हलपमेंटला गेली, वागळेत एकतर बंद कंपनी नाहीतर काचेची आयटी बिल्डिंग. बरेच महिने कागद कोरा. म्हणे, "मॅडम, हे शहर संपलं, कोकणात जातो."

आधी मी झोप, भूक, इतर कशात मन लागतं का ते विचारलं. दोन आठवडे झाले तरी कशातच रस वाटत नसेल तर त्याला 'इन्स्पिरेशन नाही' म्हणून सोडून देऊ नका, सायकियाट्रिस्टला दाखवा. याचं तसं नव्हतं, मॅच बघत होता, मिसळ चापत होता, फक्त चित्र अडलेलं.

बोलता बोलता कळलं की हा फिरायला निघाला की काय काय गेलं तेच मोजत फिरतो, इथे अमक्यांचं घर होतं, इथे विहीर होती. अहो हे सुतक आहे, आणि सुतकात कोणी पुरणपोळ्या लाटत नाही! मग काही सेशन्स त्या गेलेल्या घरांवरच बोललो, घाई केली नाही.

नंतर होमवर्क. १९६२ साली एमआयडीसीची सुरुवात जिथून झाली ते वागळे याच्या दारात, आणि त्याने ते कधी काढलंच नव्हतं, "त्यात काय बघण्यासारखं?" म्हटलं रोज एकाच बंद गेटसमोर पंधरा मिनिटं पेन्सिल घेऊन बसा, आत्ता दिसतं तेच काढायचं, आठवणीतलं नाही, आणि इन्स्टावर टाकायचं नाही. मूड आला की काम करू म्हणून लोक थांबतात पण बऱ्याचदा कामाला हात घातला की मूड मागून येतो, डिप्रेशनच्या थेरपीतही हे वापरतात, बिहेविअरल अ‍ॅक्टिव्हेशन म्हणतात त्याला.

आधी चिडला. मग वही घेऊन आला. मशिनं केव्हाच हलवून नेलेल्या कंपनीची राखण करणारा वॉचमन, भिंत फोडून आलेला पिंपळ, टपरीवर गळ्यात आयकार्ड अडकवलेली आयटीची पोरं. सगळीच काही ग्रेट नव्हती, पण वॉचमनचे हात, वा!

कोकणाला मी नाही म्हटलेलं नाही, आठवडाभर खुशाल जाऊन या म्हटलं. सध्या त्याची नवी काळजी, वॉचमनचं चित्र विकत कोण घेणार. ते म्हटलं गॅलरीवाल्याला विचारा, माझ्याकडे त्याचं औषध नाही.